बापाचा दंड, वारसांची जमीन

* 'बाप गेला, पण कोर्टाचा दंड गेला नाही' : महाड-पोलादपूरकडच्या वाचकाला हा अन्याय वाटेल, पण हे विधान कायद्याला धरून आहे. भारतीय दंड संहिता, 1860 च्या कलम 70 नुसार (1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहितेचे कलम 8) दंड भरण्याआधी गुन्हेगार वारला, तरी ज्या मालमत्तेतून त्याचे कर्ज वसूल झाले असते ती दंडालाही बांधील राहते. मुलगा स्वतः देणेकरी होत नाही. त्याची मुंबईतली कमाई, स्वतःच्या पैशाने घेतलेली खोली यांना हात लावता येत नाही. बापाऐवजी त्याला तुरुंगातही टाकता येत नाही. न्यायालय अलिबागला जिल्हाधिकाऱ्यांकडे वॉरंट पाठवू शकते. मग जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. इकडच्या सातबाऱ्यावर काका, आत्या, चुलतभाऊ सामाईक असतात. जप्ती मात्र मृताच्या हिश्श्यापुरतीच. मुदत सर्वसाधारणपणे शिक्षेपासून सहा वर्षे, तुरुंगवास त्याहून मोठा असेल तर तो संपेपर्यंत.

बापाच्या दंडाची बाकी मुलाने फेडू नये, असे याज्ञवल्क्य स्मृती सांगते. हातात आलेल्या वडिलार्जित मालमत्तेपुरता तो आधार आज पुरत नाही. वारसांना खरा आधार अपिलाचा. आरोपीच्या मृत्यूने इतर अपिले सहसा संपतात, दंडाविरुद्धचे संपत नाही. ते वारसांनी नेटाने पुढे चालवावे. दंड रद्द झाला की जमीन मोकळी होते.