डीमॅट खाते (वऱ्हाड)

डीमॅट खाते : कंपन्यांचे भाग, कर्जरोखे व तत्सम प्रतिभूती कागदी दाखल्यांऐवजी निक्षेपागाराच्या संगणकीय दप्तरात धारकाच्या नावे जमा ठेवण्याची व्यवस्था. 1995 च्या वटहुकुमामागोमाग आलेल्या 1996 च्या डिपॉझिटरीज कायद्याने तिला अधिष्ठान दिले. त्याच वर्षी नोव्हेंबरात एनएसडीएल व 1999 मध्ये सीडीएसएल ही मुंबईस्थित निक्षेपागारे कार्यान्वित झाली.

पूर्वपीठिका : मुंबईचा भाव अकोल्याच्या कापूस-व्यापाऱ्यास तारेने वा दूरध्वनीने तत्काळ कळत असला, तरी विकत घेतलेला भाग स्वतःच्या नावे होण्यासाठी दाखला, मुद्रांक लावलेले हस्तांतरपत्र आणि विकणाऱ्याची सही ही सर्व सामग्री टपालाने कंपनीच्या दप्तरी रवाना करावी लागे, आणि सही जुन्या नमुन्याशी जुळली नाही की तोच लखोटा परत येई. याउलट, 27 जानेवारी 2023 पासून सर्व भागांची देवघेव सौद्यानंतरच्या लगतच्या कामकाजाच्या दिवशी पुरी होते.

खाते उघडणे : निक्षेपागाराशी ग्राहकाचा थेट संबंध नसून दलाल वा बँक ‘सहभागी’ म्हणून मध्यस्थी करते. पॅन, आधार, बँक खात्याचा पुरावा, छायाचित्र व नामनिर्देशन दाखल केल्यावर सोळा स्थानांचा खातेक्रमांक मिळतो. नावाचा पॅनवर एक व आधारवर दुसरा पाठ असल्यास अर्ज अडतो.

मुखत्यारपत्र : प्रस्तुत नोंदीच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा कागद हाच होय. विकलेले भाग खात्यातून परस्पर वळते करण्याचा अधिकार ग्राहक त्यान्वये दलालास देत असे. परंतु त्या अधिकाराचा विस्तार कोठवर, हे न वाचताच सही करण्याची रूढी पडल्याने त्याच्या गैरवापरास वाव राहिला. हैदराबादच्या कार्वी या दलाली पेढीने ग्राहकांचे भाग गहाण टाकल्याच्या प्रकरणी नोव्हेंबर 2019 मध्ये भांडवल बाजाराची नियामक संस्था सेबी हिने तिच्याविरुद्ध आदेश काढला. नोव्हेंबर 2022 पासून नव्या ग्राहकांकडून मुखत्यारपत्राऐवजी मर्यादित अधिकाराचे ‘डीडीपीआय’ हे पत्र घेतले जाते. तेही ऐच्छिक असून ते न दिल्यास प्रत्येक विक्रीस सांकेतिक अंकांनी संमती द्यावी लागते.

अमरावती, अकोला : येथे स्वतंत्र भागबाजार नाही; दलालांच्या शाखा वा अधिकृत व्यक्तींमार्फत, अथवा घरबसल्या, खाते उघडता येते.

पुरावा : भाग खरोखर कोणाच्या नावे आहेत याबाबत दलालाच्या हिशेबापेक्षा निक्षेपागाराकडून परस्पर येणारे विवरणपत्रच प्रमाण मानावे.