श्वासासकट ऐकावा असा सिनात्रा

मायक्रोफोन येण्यापूर्वी गायकाला ध्वनिमुद्रणाच्या भोंग्यासमोर खड्या आवाजातच गावे लागे. १९२५ नंतर विद्युत ध्वनिमुद्रण रूढ झाले आणि कानाशी बोलावे तसे हळुवार गाणे शक्य झाले. या गायकांना अमेरिकेत ‘क्रूनर’ म्हणू लागले. बिंग क्रॉस्बी या परंपरेचे आद्य नाव, तर फ्रँक सिनात्रा हे तिचे शिखर.

सिनात्रा यांचा ‘इन द वी स्मॉल अवर्स’ हा संग्रह कॅपिटॉल कंपनीने १९५५ मध्ये काढला. एकाकीपणा आणि विरह या एकाच भावसूत्रात गुंफलेली १६ गाणी त्यात आहेत. वाद्यवृंदरचना नेल्सन रिडल यांची. अभिनेत्री एव्हा गार्डनरपासून सिनात्रा तेव्हा दुरावले होते. ती व्यथा या गाण्यांत रसिकांना आजही जाणवते.

हा संग्रह उत्तम ध्वनियंत्रणेवर ऐकताना प्रथम लक्षात येतो तो गायकाचा श्वास. १९४० ते १९४२ या काळात टॉमी डॉर्सी यांच्या वाद्यवृंदात गाताना, डॉर्सींच्या ट्रॉम्बोनवादनातून सिनात्रा दीर्घ श्वासाची फेक शिकले. ओळ कुठे न तोडता पुढच्या ओळीत कशी नेली आहे, शब्दाचा शेवट कसा विरत गेला आहे, हे साध्या यंत्रावर निसटते. शीर्षकगीताच्या आरंभी किणकिणणारा सेलेस्टाही तेव्हाच उमलतो.

मूळ मुद्रण मोनो आहे, हे मात्र ध्यानात ठेवावे. १९६०च्या दशकात कॅपिटॉलने आपल्या अनेक मोनो ध्वनिमुद्रिका ‘ड्युओफोनिक’ नावाने कृत्रिम स्टिरिओत आणल्या. एकाच ध्वनीचे दोन भाग करून त्यांत किंचित कालांतर ठेवण्याच्या या युक्तीने आवाज पसरट होतो. मोनो आवृत्तीच निवडावी. दोन स्पीकर आणि श्रोता समभुज त्रिकोणात असले, की गायक नेमका मध्यभागी उभा असल्याचा भास होतो.

आकड्यांच्या मोहातही फार पडू नये. सीडीचे १६ बिट आणि ४४.१ किलोहर्ट्‌झ हे प्रमाण त्या काळच्या चुंबकीय फितीवरील ध्वनी सामावून घेण्यास पुरेसे आहे. २४ बिटच्या आवृत्तीपेक्षा अधिक महत्त्व आहे ते ती कोणत्या फितीवरून आणि किती संयमाने तयार केली, याला. फितीची खरखर पुसण्याच्या अतिउत्साहात श्वास आणि खोलीतील हवाही पुसली जाते. आवाज सरसकट चढवला की कुजबुज आणि टाहो एकाच पातळीवर येतात.

आवाज बेताचाच ठेवावा. समोर बसलेला माणूस बोलेल, तेवढाच. सुमारे पाऊण तासाचा हा संग्रह रात्री सलग, क्रम न बदलता ऐकावा. यंत्र कितीही महागडे असो, ते विसरले जाऊन समोर केवळ एक दुखावलेला माणूस उरला, तर ते ऐकणे सार्थकी लागले.