देवघरातली लक्ष्मी रंगवणाऱ्या चित्रकाराचा सिनेमा सहा वर्षं का अडकून पडला होता?

वर्ध्यातल्या एखाद्या जुन्या घराच्या देवघरात डोकावून बघा. कमळावर उभी असलेली लक्ष्मी किंवा हातात वीणा घेतलेली सरस्वती फ्रेममध्ये नक्की दिसेल. चित्र मूळ नसेल, कॅलेंडरवरून कापलेलंही असेल. पण देवीचा चेहरा, साडी, दागिने हे सगळं कुठून आलं, याचा माग काढत गेलं की एकच नाव समोर येतं, राजा रविवर्मा.

याच माणसावर 'रंगरसिया' नावाचा हिंदी सिनेमा आला होता. २००८ साली लंडनच्या चित्रपट महोत्सवात तो दाखवला गेला. भारतातल्या थिएटरमध्ये मात्र तो लागला ७ नोव्हेंबर २०१४ ला. मधली सहा वर्षं काय झालं?

आधी इटलीत डोकावूया

चित्रकार-शिल्पकारांच्या आयुष्यावर मसालेदार सिनेमे काढायची हौस इटलीला जुनी आहे. १९६३ साली रिकार्दो फ्रेदा या दिग्दर्शकाने बेन्वेनुतो चेल्लिनीवर सिनेमा काढला. चेल्लिनी हा सोळाव्या शतकातला फ्लॉरेन्सचा सोनार आणि शिल्पकार. तलवारबाजी, भानगडी, तुरुंगवास हे सगळं त्याने स्वतःच्याच आत्मचरित्रात लिहून ठेवलंय. म्हणजे पटकथा जवळपास तयारच होती.

आपल्याकडे असा नायक शोधायचा तर रविवर्मांचं नाव आधी येतं. त्यांच्या हातात तलवार नव्हती, पण त्यांच्या आयुष्यात राजदरबार, पैसा, कर्ज आणि वाद यातलं काहीच कमी नव्हतं.

कोण होते रविवर्मा?

जन्म २९ एप्रिल १८४८, केरळमधल्या किळिमानूरचा. पाश्चात्त्य तैलरंगांचं तंत्र त्यांनी त्रावणकोरच्या दरबारात राहून, बघत-बघत आत्मसात केलं. १८७३ मध्ये व्हिएन्नाच्या प्रदर्शनात त्यांच्या चित्राला बक्षीस मिळालं. १८९३ मध्ये शिकागोच्या जागतिक प्रदर्शनातही त्यांची चित्रं गौरवली गेली. बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांनी त्यांच्याकडून रामायण-महाभारतातले प्रसंग रंगवून घेतले.

त्यांच्या देवी आणि नायिका अनेकदा मराठी बायकांसारखी साडी नेसलेल्या दिसतात. आज देवीचं कोणतंही चित्र बघून आपल्याला 'हे असंच असतं' असं वाटतं. ती सवय लावली रविवर्मांच्या छापील चित्रांनी.

राजवाड्यातलं चित्र घराघरात कसं पोहोचलं?

तैलचित्र एकच असतं आणि ते राजवाड्यात टांगलेलं असतं. सामान्य माणसाला ते दिसणार कसं? यावर उपाय म्हणून १८९४ मध्ये रविवर्मांनी मुंबईत गिरगावात छापखाना काढला.

छपाईचं तंत्र असं : खास प्रकारच्या चुनखडीच्या दगडावर तेलकट शाईने चित्र काढायचं. दगड ओला केला की कोऱ्या भागावर पाणी टिकतं, छपाईची शाई मात्र फक्त तेलकट रेषांनाच चिकटते. प्रत्येक रंगासाठी वेगळा दगड. एकाच कागदावर एकामागून एक रंग चढवायचे आणि शेवटी चकाकी द्यायची, म्हणजे छापील चित्र तैलचित्रासारखं दिसतं. एखादा रंग केसभर जरी सरकला तरी कागद वाया.

मुंबईत प्लेगची साथ होती, तेव्हा छापखाना लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. पण कर्ज वाढत गेलं आणि काही वर्षांतच रविवर्मांना तो फ्रिट्झ श्लायशर या जर्मन तंत्रज्ञाला विकावा लागला. याच छापखान्यात काही काळ काम केलेला एक तरुण होता धुंडिराज गोविंद फाळके. १९१३ मध्ये 'राजा हरिश्चंद्र' काढणारे दादासाहेब फाळके ते हेच.

सिनेमात काय आहे?

'रंगरसिया' रणजित देसाई यांच्या 'राजा रविवर्मा' या मराठी कादंबरीवर आधारित आहे. देसाई म्हणजे 'स्वामी' आणि 'श्रीमान योगी' लिहिणारे. दिग्दर्शन केतन मेहता यांचं. रणदीप हुडा रविवर्मांच्या भूमिकेत, तर नंदना सेन त्यांची मॉडेल सुगंधा झाली आहे. परेश रावल, विक्रम गोखले, सचिन खेडेकर हेही आहेत.

कथेचा कणा आहे खटला. देवादिकांची अश्लील चित्रं काढली, धार्मिक भावना दुखावल्या, असा आरोप चित्रकारावर होतो आणि तो कोर्टात उभा राहतो.

गंमत म्हणजे सिनेमात जे घडतं, तेच सिनेमाच्या वाट्याला आलं. त्यातल्या नग्न दृश्यांवरून वाद झाला, सेन्सॉर बोर्डाच्या परवानगीचं घोडं अडलं. अखेर तो प्रौढांसाठीचं प्रमाणपत्र घेऊन लागला. तोवर २०११ मध्ये रविवर्मांवर 'मकरमंजू' हा मल्याळम सिनेमा येऊनही गेला होता.

एक गोष्ट मात्र लक्षात ठेवायला हवी. हा सिनेमा कादंबरीवरून बनलाय, चरित्रावरून नाही. त्यामुळे त्यातला प्रत्येक संवाद आणि प्रत्येक प्रेमप्रसंग इतिहास म्हणून फॉरवर्ड करू नका.

मग खरी लढाई कशाची होती?

सिनेमातलाच एक मुद्दा सगळ्यात महत्त्वाचा आहे. ज्यांना देवळाच्या पायरीवर उभं राहू दिलं जात नव्हतं, त्यांच्या घरात छापील चित्रामुळे देव पोहोचला. त्याच्या दर्शनाला ना पुजाऱ्याची परवानगी लागत होती, ना जातीचा दाखला.

ही गोष्ट किती मोठी होती, ते वर्धेकरांना वेगळं सांगायला नको. जमनालाल बजाज यांनी वर्ध्याचं लक्ष्मीनारायण मंदिर दलितांसाठी खुलं केलं ते १९२८ मध्ये. तेव्हा ही देशभर गाजलेली घटना होती. गिरगावातला छापखाना त्याआधी ३४ वर्षं सुरू झाला होता. देवळाचं दार उघडायच्या आधीच कागदावरची लक्ष्मी बाजारात विकायला आली होती.

रविवर्मा २ ऑक्टोबर १९०६ रोजी गेले. १९७९ मध्ये भारत सरकारने त्यांच्या चित्रांना राष्ट्रीय कलाठेवा ठरवलं. त्यामुळे देशातली त्यांची मूळ चित्रं आता विकण्यासाठी परदेशात नेता येत नाहीत. मळवलीचा छापखाना १९७२ च्या आगीत गेला.

त्या दगडांवरून उतरलेली लक्ष्मी मात्र अजून आहे. यंदा दिवाळीत लक्ष्मीपूजनाला फोटो पाटावर मांडाल, तेव्हा तिची साडी जरा नीट बघा.