औषधाची गोळी, कोंबडीखाद्य आणि पंचतारांकित हॉटेल: सोलापूरच्या बालाजी अमाइन्सची जोखीम नेमकी कुठे आहे?

मधुमेहावरची मेटफॉर्मिनची गोळी आज घरोघरी दिसते. ती बनवायला डायमिथाइलअमाइन हायड्रोक्लोराइड नावाचं रसायन लागतं. पोल्ट्रीतल्या कोंबड्यांच्या खाद्यात कोलीन क्लोराइड घालतात. पर्स आणि सोफ्यांचं कृत्रिम लेदर बनवताना डीएमएफ नावाचा द्रावक वापरतात. वरवर पाहता या तिन्हींचा एकमेकांशी काही संबंध नाही. पण तिन्ही रसायनं ज्या कुळातली आहेत, त्या अमाइन्सचा देशातला एक मोठा उत्पादक सोलापुरात आहे. त्याचं नाव बालाजी अमाइन्स.

१९८८ साली ए. प्रताप रेड्डी यांनी ही कंपनी सुरू केली. सोलापूर-तुळजापूर रस्त्यावरच्या तामलवाडीत आणि चिंचोळी एमआयडीसीत तिचे कारखाने आहेत. होटगी रोडवरचं बालाजी सरोवर प्रीमियर हे हॉटेलही याच कंपनीचं.

इतके वेगवेगळे धंदे म्हटल्यावर कुणालाही वाटेल, एक बसला तर दुसरा तारेल. पण २०२१ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये पाच हजार रुपयांच्या वर गेलेला कंपनीचा शेअर २०२५ च्या सुरुवातीला दीड हजाराच्याही खाली होता. २०२१-२२ मध्ये सुमारे २,३०० कोटींची असलेली उलाढाल २०२४-२५ मध्ये सुमारे १,४०० कोटींवर आली. कारखाने चालू होते, उत्पादनांची यादी तर वाढतच होती. मग झालं काय?

फांद्या अनेक, मुळं मोजकी

उत्तरासाठी कारखान्यात डोकवावं लागतं. मिथेनॉल आणि अमोनिया यांची वाफ तापवून उत्प्रेरकावरून सोडली की मिथाइल अमाइन्स तयार होतात. एक नव्हे, तीन: मोनो, डाय आणि ट्राय. सोलापूर जिल्ह्यातल्या माणसाला हे समजावणं सोपं आहे. ऊस गाळला की साखरेबरोबर मळी आणि बगॅस निघणारच, फक्त साखर काढतो म्हणून चालत नाही. इथेही तसंच. बाजारात सर्वाधिक मागणी डायला, कारण औषधं आणि डीएमएफ तिच्यापासून बनतात. रासायनिक क्रियेचा कल मात्र ट्रायकडे. (सडक्या मासळीचा जो वास येतो, तो या ट्रायमिथाइलअमाइनचाच.) नको असलेलं अमाइन पुन्हा भट्टीत फिरवता येतं, पण त्यात इंधन जळतं. त्यापेक्षा ते कुठेतरी खपवणं बरं. ट्रायपासून कोलीन क्लोराइड, मोनोपासून कीटकनाशकांचा कच्चा माल, डायपासून डीएमएफ अशी ही साखळी तयार होते.

म्हणजे कंपनीची बरीचशी विविधता हौसेची नाही, ती रसायनशास्त्राने गळ्यात घातलेली आहे. आणि त्या सगळ्या फांद्या खाली दोन मुळांना येऊन मिळतात, मिथेनॉल आणि अमोनिया.

ही दोन्ही मुळं पुन्हा एकाच जमिनीत आहेत. ती जमीन म्हणजे नैसर्गिक वायू. भारत आपल्या गरजेचं बहुतेक मिथेनॉल आयात करतो, आणि त्यातलं बरंचसं इराण, सौदी अरेबियासारख्या आखाती देशांतून येतं. होर्मुझच्या सामुद्रधुनीत तणाव वाढला की तामलवाडीच्या कारखान्याचा हिशेब हलतो तो असा. २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर हल्ला केला तेव्हा वायू महागला आणि जगभर अमोनियाचे भाव भडकले. शिवाय आयातीचे पैसे डॉलरमध्ये मोजायचे, त्यामुळे रुपया घसरला की माल तेवढाच येऊनही बिल वाढतं. अशा वेळी मेटफॉर्मिनची बाजू आणि कोंबडीखाद्याची बाजू एकमेकींना सावरत नाहीत. दोघींचा खर्च एकदमच चढतो.

दारात ऊस, तरी इथेनॉलची चिंता

इथाइल अमाइन्स हा कंपनीचा दुसरा गट. तो इथेनॉलपासून बनतो. ज्या जिल्ह्यात साखर कारखान्यांची गर्दी आहे, तिथे इथेनॉलला काय तोटा, असं कुणी म्हणेल. पण सरकारने पेट्रोलमध्ये इथेनॉल मिसळण्याचं उद्दिष्ट वाढवत नेलं आणि २०२५ मध्ये २० टक्क्यांचा टप्पा गाठला. तेल कंपन्या ठरलेल्या दराने प्रचंड प्रमाणात इथेनॉल उचलतात. रसायन कंपन्यांना त्याच रांगेत उभं राहावं लागतं. त्यात पाऊस कमी झाला आणि साखर कमी पडेल असं दिसलं, तेव्हा केंद्राने डिसेंबर २०२३ मध्ये उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर निर्बंध आणले. पुढच्या हंगामासाठी ते ऑगस्ट २०२४ मध्ये उठवले. कारखाना सोलापुरात, ऊसही सोलापुरात, आणि भावाचा निर्णय दिल्लीत.

भाव पाडणारा शेजारी

तरीही २०२१ नंतरच्या घसरणीचं मोठं कारण कच्चा माल नव्हता. विक्रीचा भाव होता.

कोविडनंतर औषध आणि शेतीरसायन कंपन्यांनी टंचाईच्या भीतीने साठे करून ठेवले. डीएमएफसारख्या द्रावकांचे भाव कधी नव्हे इतके चढले. नफा दिसला तसं सगळ्यांनीच उत्पादनक्षमता वाढवायला घेतली, भारतातही आणि चीनमध्येही. देशात या धंद्यात मुख्य स्पर्धक दोनच. दुसरी अल्काइल अमाइन्स, जिचा एक कारखाना पुणे-सोलापूर महामार्गावरच्या कुरकुंभला आहे. रसायनाचा कारखाना उभा राहायला दोन-तीन वर्षं लागतात. नवी क्षमता तयार झाली तोवर ग्राहक जुने साठे संपवत बसले होते, आणि चीनचा स्वस्त माल बंदरांवर उतरत होता. चीनमधलं बांधकाम थंडावलं, तिथली मागणी घटली, की तिथला जास्तीचा माल बाहेर जातो. भारत त्याला जवळचा.

अशा आयातीविरुद्ध अँटी-डम्पिंग शुल्काची मागणी करता येते. व्यापार उपाय महासंचालनालय चौकशी करून शिफारस करतं, पण शुल्क लावायचं की नाही हे अर्थ मंत्रालय ठरवतं. तिथे समोर औषध कंपन्याही असतात, ज्यांना द्रावक स्वस्तच हवा असतो. त्यामुळे संरक्षण मिळेलच असं गृहीत धरून कुणाला गणित मांडता येत नाही.

मग हॉटेल?

यादीतला खऱ्या अर्थाने वेगळा धंदा हा एकच. मिथेनॉल महागलं म्हणून हॉटेलची खोली महागत नाही. पण रसायनांच्या उलाढालीपुढे हॉटेलची कमाई इतकी छोटी, की मुख्य धंदा बसला तर ती टेकू देऊ शकत नाही. त्याची अनिश्चितताही निराळी. २०२० च्या टाळेबंदीत औषधांचा कच्चा माल बनवणारे कारखाने चालू राहू शकले, हॉटेलं बंद पडली. सोलापूरचं विमानतळ सिद्धेश्वर साखर कारखान्याच्या चिमणीच्या वादात वर्षानुवर्षं अडकलं. जून २०२३ मध्ये चिमणी पाडली आणि जून २०२५ मध्ये गोव्याची विमानसेवा सुरू झाली. तोवर शहरात येणारा व्यावसायिक पाहुणा पुण्याहून गाडीने नाहीतर रेल्वेनेच यायचा.

पाण्याची जोखीम मात्र कारखाना आणि हॉटेल दोघांना एकत्र गाठते. रसायनांच्या ऊर्ध्वपातनात थंड करायला पाणी लागतं, आणि हा सगळा पट्टा अवर्षणाचा. २०१६ प्रमाणे २०२४ च्या उन्हाळ्यातही उजनीचा उपयुक्त साठा उणे झाला होता. टंचाईत आधी पिण्याचं पाणी, उद्योग नंतर, हा क्रम ठरलेलाच आहे. त्यावर ज्वलनशील वायू हाताळण्याचा धोका आणि प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती हे विषय धरायचे. असा एखादा प्रश्न उद्भवला तर भाव कितीही चांगला असो, प्लांट थांबतो.

सोलापूरने पाहिलेली दुसरी बाजू

एकाच वस्तूवर उभा असलेला धंदा कसा असतो, हेही याच शहरात दिसतं. १९९२ साली सुरू झालेली प्रिसिजन कॅमशाफ्ट्स इंजिनातले कॅमशाफ्ट बनवून जगभर पाठवते. कॅमशाफ्ट इंजिनाच्या झडपा उघडतो-मिटतो. विजेवरच्या गाडीत झडपाच नाहीत. कंपनीला हे दिसत होतं. म्हणून २०१८ मध्ये तिने ट्रकसाठी विजेवरची यंत्रणा बनवणाऱ्या इमॉस या डच कंपनीत बहुमताचा हिस्सा घेतला. यात जुनी जोखीम कमी होते, पण परदेशी कंपनी चालवण्याची नवी येते.

आणि बाजार, माल, यंत्रं सगळं असूनही धंदा बंद पडू शकतो, याचं उदाहरण जुनी मिल. ऑगस्ट १९४९ मध्ये व्यवस्थापनाने मिल बंद केली, हजारो कामगार रस्त्यावर आले. जानेवारी १९५० मध्ये केंद्राने वटहुकूम काढून कारभार ताब्यात घेतला. भागधारक सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५३ च्या अखेरीस न्यायालयाने तो कायदा घटनाबाह्य ठरवला. मालमत्तेच्या हक्कावरच्या भारतातल्या सुरुवातीच्या मोठ्या खटल्यांत तो आजही शिकवला जातो.

बालाजी अमाइन्सची पुढची मोठी पैज बॅटरीवर आहे. लिथियम बॅटरीतल्या इलेक्ट्रोलाइटसाठी लागणारं डायमिथाइल कार्बोनेट आणि इलेक्ट्रोड बनवताना लागणारं एनएमपी ही रसायनं ती बनवते. बॅटरीचे सेल बनवणारे मोठे कारखाने भारतात अजून उभे राहत आहेत. ते वेळेवर सुरू झाले तर कंपनीला औषध आणि शेतीबाहेरचा नवा ग्राहक मिळेल. उशीर झाला तर प्लांटचा घसारा आणि देखभालीचा खर्च दर तिमाहीत लागत राहील. शेअर बाजारातल्या कंपन्यांना वार्षिक अहवालात 'जोखीम आणि चिंता' यांवर लिहावंच लागतं. या कंपनीच्या अहवालात ते पान उघडलं, तर उत्पादनांच्या यादीइतकाच वेळ मिथेनॉल कुठून आलं आणि नवे प्लांट किती टक्के क्षमतेने चालले, हे शोधण्यात घालवावा.