संत जेन्नारोची कुपी

विरजणाच्या भांड्याला हात लावू नका, म्हणून लहानपणी आम्हांला किती दटावले जाई! सुरीने वडी कापावी असे घट्ट लागलेले दही. पण त्यात डाव घालून दोनदा फिरविला की ते पातळ होऊन वाहू लागे. पाणी कोणी घातले नाही, चुलीवर कोणी ठेवले नाही. मग ते पातळ कशाने झाले? हा प्रश्न त्या वेळी मी आईला विचारला नाही. विचारला असता तर उत्तराऐवजी धपाटाच मिळाला असता!

न्यूटनने १६८७ साली आपल्या ‘प्रिन्सिपिया’ ग्रंथात द्रवाविषयी एक साधे गृहीत मांडले. द्रवाचे थर एकमेकांवरून जितक्या वेगाने सरकतील, तितक्याच प्रमाणात त्यांचा अडथळा वाढेल. पाणी, गोडेतेल ही मंडळी हा नियम मुकाट्याने पाळतात. कितीही ढवळले तरी त्यांचा दाटपणा तोच. दही, बाटलीतला टोमॅटो सॉस, भिंतीचे काही रंग मात्र न्यूटनला जुमानत नाहीत. हलविले की ती सैल पडतात. दही बिचारे एकदा मोडले की पुन्हा पहिल्यासारखे लागत नाही. पण काही पदार्थ असे आहेत, की हलविले की वितळतात आणि निवांत ठेवले की पुन्हा गोठतात. अशाच एका पदार्थावरून इटलीतल्या नेपल्स शहरात फार जुना वाद चालू आहे. तो कळला तेव्हापासून मला त्या दह्याची वारंवार आठवण होते.

संत जेन्नारो हे नेपल्सचे रक्षणकर्ते. इ. स. ३०५ च्या सुमारास, रोमन बादशहा डायोक्लीशन याच्या छळात त्यांचा शिरच्छेद झाला, अशी परंपरा आहे. त्यांचे रक्त म्हणून एक काळपट, घट्ट पदार्थ तिथल्या कॅथीड्रलमध्ये काचेच्या बंद कुपीत जपलेला आहे. मे महिन्यातील पहिल्या रविवारच्या आदल्या दिवशी, १९ सप्टेंबरला आणि १६ डिसेंबरला ही कुपी लोकांपुढे आणतात. बहुधा तो गोळा वितळतो. पांढरा रुमाल हलतो आणि देऊळभर आनंदाचा कल्लोळ उठतो. उशीर झाला तर पुढे बसलेल्या म्हाताऱ्या बायका संताची आळवणी करता करता त्याला चक्क ‘पिवळतोंड्या’ म्हणून खडसावतात. जनाबाईने विठोबाशी मांडलेली भांडणे ज्यांनी ऐकली आहेत, त्यांना यात नवल वाटणार नाही.

राजकारणही या कुपीला चुकले नाही. १७९९ साली फ्रेंच फौजा शहरात शिरल्या आणि त्यांच्यासमक्ष रक्त वितळले. पुढे राजाची माणसे परतली, तेव्हा संत शत्रूला फितूर झाला असे ठरवून त्यांनी रक्षणकर्त्याचे पद काही वर्षे संत अँथनीला देऊन टाकले!

आता थोडे बर्लिनकडे वळू. हर्बर्ट फ्रॉइंडलिख यांच्या प्रयोगशाळेत एम्मा शालेक आणि आंदोर सेगवारी यांना १९२३ साली असे दिसले, की लोहाच्या ऑक्साइडची खळ नळीत घट्ट बसते, नळी हलविली की पाण्यासारखी वाहते आणि ठेवून दिली की पुन्हा बसते. लोहाचे सूक्ष्म कण एकमेकांना हलकेच धरून जाळे विणतात. धक्क्याने ते तुटते, विश्रांतीत पुन्हा विणले जाते. १९२७ साली या गुणाला ‘थिक्सॉट्रॉपी’, म्हणजे स्पर्शाने पालटणे, असे ग्रीक नाव मिळाले. हिटलर सत्तेवर आल्यावर, १९३३ मध्ये, फ्रॉइंडलिख यांना बर्लिन सोडावे लागले.

हा धागा १९९१ साली नेपल्सच्या कुपीपर्यंत आला. गार्लास्केल्ली, रामाच्चिनी आणि देल्ला साला या तीन इटालियन संशोधकांनी फेरिक क्लोराइड, खडू आणि मीठ यांपासून तशीच काळपट तांबडी खळ तयार केली. यातले फेरिक क्लोराइड व्हेसुव्हिअस ज्वालामुखीवर आपोआप सापडते, आणि कुपीचा पहिला लेखी उल्लेख १३८९ सालचा, म्हणजे संताच्या मृत्यूनंतर हजाराहून अधिक वर्षांचा! त्यांचे म्हणणे असे, की मध्ययुगातल्या कारागिराला हे सहज जमले असते.

मला यातली एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते. रक्त वितळले का, हे पाहण्यासाठी धर्मगुरू कुपी तिरकी करतो, उलटी करून पाहतो. आणि या संशोधकांच्या मते त्या पाहण्यानेच ते वितळते. म्हणजे लबाडी कोणाचीच नको. हात प्रामाणिक, डोळे प्रामाणिक, आणि तरीही चमत्कार घडतो! श्रद्धाळूंना लुच्चे म्हणून मोकळे होणाऱ्या आपल्याकडच्या विद्वानांनी हे जरूर ध्यानात घ्यावे.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १९०२ आणि १९८९ साली काचेतूनच वर्णपट तपासला, तेव्हा हिमोग्लोबिनची खूण दिसल्याचे सांगण्यात आले. टीकाकारांना ती पुरेशी वाटली नाही. कुपी उघडून आतला थेंब कोणी तपासलेला नाही. आणि १६ डिसेंबर २०१६ व १६ डिसेंबर २०२० या दोन्ही दिवशी कुपी रीतसर बाहेर काढली, हलविली, उलटीसुद्धा केली. पण आतला गोळा जागचा हलला नाही.