तात्पुरती घरे

बदली होऊन आलेल्या रेल्वेवाल्याला पहिला प्रश्न असतो, “क्वार्टर मिळालं का?” वेटिंग लिस्टचा अनुभव आपल्यापैकी बहुतेकांना आहे. पण युद्ध जिंकून परतलेल्या सैनिकालाच घर नसावे, ही १९४५ सालच्या ब्रिटनची हकीकत मला विलक्षण वाटते.

जर्मन बॉम्बहल्ल्यांत साडेचार लाखांच्या आसपास घरे नष्ट वा राहण्यास अयोग्य झाली होती. युद्धकाळात नवे बांधकाम जवळजवळ बंदच होते. सैनिक परतले, लग्ने झाली, मुले झाली आणि सासू-सासऱ्यांसह एकेका खोलीत संसार सुरू झाले. (परळच्या चाळीत वाढलेल्यांना हे वेगळे सांगायला नको!)

सरकारने १९४४ मध्येच कायदा करून तात्पुरत्या घरांची योजना आखली होती. युद्ध संपताच रिकाम्या होणाऱ्या विमान-कारखान्यांत ॲल्युमिनियमची घरे बनू लागली. अख्खे घर चार तुकड्यांत, वायरिंग व नळांसकट ट्रकवरून येई. जागेवर तयार पायावर तुकडे जोडायचे. स्वयंपाकघर व न्हाणीघर पाठीला पाठ लावून, म्हणजे सगळे पाइप एकाच भिंतीत. शिवाय फ्रिज आणि गरम पाणी! कामगाराच्या घरात तेव्हा स्वतंत्र न्हाणीघर हीच चैन होती. १९४९ पर्यंत सर्व प्रकारची मिळून १,५६,६२३ घरे झाली. ती पुरणार कशी?

१९४६ च्या उन्हाळ्यात लोकांनीच वाट काढली. स्कन्थॉर्प येथे काही कुटुंबे लष्कराच्या रिकाम्या छावणीत राहायला गेली. बातमी पसरली आणि ऑक्टोबरपर्यंत हजारावर छावण्यांतून सुमारे ४० हजार माणसे पत्र्याच्या बराकींत राहू लागली. कायद्याने हे अतिक्रमणच; तरी अनेक नगरपालिकांनी पाणी-वीज दिली, भाडेही घेतले. मात्र सप्टेंबरात लंडनच्या केन्सिंग्टनमधील आलिशान इमारतीत कुटुंबे शिरली, तेव्हा पोलिसांचा वेढा पडला, पुढाऱ्यांवर खटले झाले. छावणी चालली, श्रीमंतांचे फ्लॅट चालले नाहीत!

गृहनिर्माण सांभाळणारे मंत्री अन्युरिन बेव्हन स्वतः खाणकामगाराचे पुत्र. कामगारालाही प्रशस्त, पक्के घर हवे, थोडा उशीर झाला तरी चालेल, हा त्यांचा आग्रह. टीका पुष्कळ झाली. मला तो आग्रह पटतो; घाईत उरकलेले क्वार्टर पुढे दर पावसाळ्यात गळते.

असो. तात्पुरत्या घरांचे आयुष्य दहा वर्षे धरले होते. पण लंडनच्या कॅटफर्ड भागात युद्धकैद्यांच्या हातून उभी राहिलेली १८७ घरांची वसाहत एकविसाव्या शतकातही नांदती होती. २००९ मध्ये त्यांतील सहा घरांना वारसा-वास्तूचे संरक्षण मिळाले. बाकीची पाडायची ठरली, तेव्हा अनेक रहिवासी घर सोडायला तयार नव्हते.