आशिया जिंकली, तरी ऑलिम्पिकचं दार बंद: नागपूरच्या अल्फिया पठाणचा वजनगट ऑलिम्पिकमध्ये का नाही?

नोव्हेंबर २०२२, जॉर्डनची राजधानी अम्मान. आशियाई बॉक्सिंग अजिंक्यपद स्पर्धेत भारताच्या चार महिला बॉक्सरनी सुवर्णपदक जिंकलं. त्यातली लव्हलिना बोर्गोहेन हे नाव देशभर माहीत होतं. त्याच यादीत एक नाव विदर्भातलं होतं, नागपूरची अल्फिया पठाण.

पण या दोघींच्या पुढच्या वाटा सारख्या नव्हत्या. लव्हलिना पॅरिस ऑलिम्पिकला गेली. अल्फियाला तिच्या गटातून तिथं जाताच आलं नसतं, कारण तो गट ऑलिम्पिकमध्ये नाहीच. असं का, ते समजून घेऊ.

अल्फिया पठाण कोण आहे?

अल्फिया नागपूर पोलीस दलातल्या कर्मचाऱ्याची मुलगी. घरात खेळाचं वातावरण होतं. मानकापूरच्या विभागीय क्रीडा संकुलात प्रशिक्षक गणेश पुरोहित यांच्या हाताखाली ती बॉक्सिंग शिकली.

पहिलं मोठं यश आलं २०१९ मध्ये. यूएईतल्या फुजैरा इथं झालेल्या आशियाई ज्युनियर स्पर्धेत तिनं सुवर्ण जिंकलं. एप्रिल २०२१ मध्ये पोलंडच्या किल्त्से शहरात जागतिक युवा स्पर्धा झाली. तिथं भारतीय मुलींनी तब्बल ७ सुवर्णपदकं घेतली. त्यातलं ८१ किलोवरच्या गटातलं सुवर्ण अल्फियाचं. अंतिम लढतीत तिनं मोल्दोव्हाच्या दारिया कोझोरेझला ५-० नं हरवलं. ५-० म्हणजे पाचही पंचांचा कौल तिच्या बाजूनं.

सगळ्यात मोठा विजय कोणता?

आशियाई सुवर्ण सगळ्यात मोठं, हे खरंच. पण त्या अंतिम लढतीत यजमान जॉर्डनची इस्लाम हुसैली अपात्र ठरली आणि निकाल अल्फियाच्या बाजूनं लागला.

तिचा खरा कस लागला तो त्याआधी चार महिने, जुलै २०२२ मध्ये. कझाकस्तानात एलोर्डा चषक स्पर्धा होती. अंतिम फेरीत समोर होती त्याच देशाची लज्जत कुंगेइबायेवा, २०१६ ची विश्वविजेती. युवा गटातून नुकत्याच वर आलेल्या नागपूरच्या पोरीनं तिला तिच्याच देशात ५-० नं हरवलं.

मग ऑलिम्पिकची अडचण कुठं आली?

बॉक्सिंगमध्ये लढत ठरते वजनावर. ८१ किलोचा गट म्हणजे लाइट-हेवीवेट. मोहम्मद अली यांनी १९६० च्या रोम ऑलिम्पिकमध्ये याच गटात सुवर्ण जिंकलं होतं. त्याच्या वरचा तो हेवीवेट, अल्फियाचा गट.

जागतिक आणि आशियाई स्पर्धांत महिलांसाठी हे दोन्ही गट असतात. ऑलिम्पिकमध्ये मात्र महिलांची यादी ७५ किलोलाच संपते.

महिला बॉक्सिंग ऑलिम्पिकमध्ये आलं तेच २०१२ ला, लंडनमध्ये. तेव्हा फक्त ३ गट होते. टोकियोत ५ झाले, पॅरिसमध्ये ६, आणि २०२८ च्या लॉस एंजेलिसमध्ये पुरुषांइतकेच ७ असतील. गट वाढले, पण वरची मर्यादा ७५ किलोचीच राहिली. एकूण बॉक्सर किती घ्यायचे याचा आकडा ठरलेला असतो, आणि जड गटात उतरणाऱ्या खेळाडू जगभरातच कमी असतात. त्यामुळे जागा वाटताना मधल्या वजनांना झुकतं माप मिळतं.

२०२२ च्या बर्मिंगहॅम राष्ट्रकुल स्पर्धेतही महिलांचा सगळ्यात वरचा गट ७५ किलोचाच होता. २०२३ च्या हांगझोऊ आशियाई खेळांतही ७५ चाच.

हे दुखणं एकट्या अल्फियाचं नाही. हरियाणाची स्वीटी बूरा २०२३ मध्ये ८१ किलो गटात विश्वविजेती झाली. तिचाही गट ऑलिम्पिकमध्ये नाही.

वजन कमी करून ७५ मध्ये का खेळत नाहीत?

सांगायला सोपं आहे. ८१ च्या वरून ७५ वर यायचं म्हणजे किमान ६ किलो उतरवायचे. शिवाय हौशी बॉक्सिंगमध्ये ज्या दिवशी लढत, त्या दिवशी सकाळी वजन होतं. एकदा कसंबसं पाणी तोडून काटा गाठला आणि मग खाऊन-पिऊन ताकद भरून काढली, असं इथं जमत नाही. स्पर्धाभर त्याच वजनावर राहावं लागतं.

एवढं करून ७५ मध्ये आलंच, तर समोर लव्हलिना. टोकियोची कांस्यपदक विजेती आणि २०२३ ची विश्वविजेती. एका गटात देशाकडून एकच जण जाते.

जड गटातही स्पर्धा सोपी नाही. तिथं हरियाणाची नूपुर श्योराण आहे, प्रसिद्ध बॉक्सर हवा सिंग यांची नात. २०२३ आणि २०२५ च्या जागतिक स्पर्धांत भारताची जागा तिनं घेतली, आणि २०२५ ला लिव्हरपूलमध्ये रौप्य जिंकलं.

व्यावसायिक बॉक्सिंगचा पर्याय आहे का?

आहे. व्यावसायिक बॉक्सिंगमध्ये महिलांना लाइट-हेवीवेट (१७५ पौंड, म्हणजे ७९.४ किलोपर्यंत) आणि हेवीवेट, दोन्ही गट खुले आहेत. अमेरिकेची क्लॅरेसा शील्ड्स हे ठळक उदाहरण. २०१२ आणि २०१६ च्या ऑलिम्पिकमध्ये तिनं ७५ किलोत सुवर्ण घेतलं. नंतर व्यावसायिक झाली आणि जुलै २०२४ मध्ये डेट्रॉइटला एकाच रात्री लाइट-हेवीवेट आणि हेवीवेट असे दोन जागतिक किताब पटकावले.

पण शील्ड्सच्या मागं अमेरिकेतले प्रायोजक आणि टीव्हीचा पैसा होता. भारतात व्यावसायिक बॉक्सिंगचा बाजार अजून लहान आहे. इथल्या खेळाडूला आधार असतो तो सरकारी नोकरीचा. महाराष्ट्रात सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, आणि तिथं मोजली जातात ती मान्यताप्राप्त स्पर्धांतली पदकं. त्यामुळे हौशी बॉक्सिंग सोडणं हा मोठा जुगार ठरतो.

आपल्याकडच्या पोरांनी यातून काय घ्यायचं?

विदर्भात बॉक्सिंग नवं नाही. बुलढाणा जिल्ह्यातला अनंत चोपडे अकोल्याच्या क्रीडा प्रबोधिनीत घडला आणि २०२२ मध्ये थायलंड ओपनचं सुवर्ण घेऊन आला. त्याचा गट ५४ किलोचा. मोर्शी-वरुडकडच्या एखाद्या मुलीला ग्लोव्ह्ज घालायचे असतील, तर अकोला आणि नागपूर ही दोन्ही ठिकाणं आवाक्यातली आहेत.

मात्र सुरुवातीलाच एक गोष्ट प्रशिक्षकांना विचारून घ्यावी. आपण ज्या वजनात वाढतोय, त्या गटाला पुढं कोणकोणत्या स्पर्धा आहेत? जड गटात राष्ट्रीय, आशियाई, जागतिक पदक मिळू शकतं, त्यावर नोकरीही मिळू शकते. ऑलिम्पिक मात्र आज तरी मिळणार नाही. अल्फियानं तिच्या गटात जिंकण्यासारखं बरंच जिंकून दाखवलंय. पुढचा निर्णय ऑलिम्पिकचे गट ठरवणाऱ्यांच्या हातात आहे.